गोष्टी विरघळवून नव्या घडवणारी जादू लिहितेय, पण ती फारच सोपी पडतेय. काय करू?

सांजवात

नमस्कार मंडळी. बरेच दिवस इथे नुसती वाचते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय, काही चुकलं तर सांभाळून घ्या.

मी एक लांबलचक कथा लिहायला घेतलीय, कादंबरी म्हणायला अजून जीभ रेटत नाही. घाटाखालचं एक गाव आहे, गावात एक बोळ आहे आणि त्या बोळातली सात-आठ घरं पिढ्यानपिढ्या एकच धंदा करतात. लोक आपली नकोशी झालेली गोष्ट घेऊन येतात, ही माणसं ती विरघळवतात आणि त्याच मालातून नवी गोष्ट घडवून देतात. नवी गोष्ट घेऊन गिऱ्हाईक घरी गेलं की गाव तीच सांगायला लागतं, जुनी कुणालाच आठवत नाही. नायिका यमी, चौदा वर्षांची, आई नाही, आत्याकडे राहून धंदा शिकतेय. पहिलं मोठं गिऱ्हाईक म्हणजे एक म्हातारा. त्याच्या आजोबाने देवळातली घंटा चोरली असं गावात सांगतात आणि त्यापायी आता त्याच्या नातीचं लग्न जमत नाहीये, तर त्याला ती गोष्ट बदलून हवीय.

इथवर मला आवडलंय. पण मैत्रिणीला तीन प्रकरणं वाचायला दिली तर ती म्हणाली, छान आहे गं, पण हे मिक्सरसारखं झालंय, वरून टाकलं खालून निघालं, यात अडचण कुठाय? आणि ते मनाला लागलं कारण खरंच आहे, माझ्याकडे एक मोठी कढई आहे, आत्या काहीतरी पुटपुटते, धूर येतो, संपलं. तर या कलेला नियम काय असावेत, हत्यारं काय, चूक कशी होते, किंमत कोण देतं, आणि मुळात नाव काय द्यावं (सध्या 'कथाविलयन' लिहिलंय, हसू नका) यावर सुचवा प्लीज. फक्त जादूची छडी, टोकदार टोपी आणि संस्कृतसारखे वाटणारे बनावट मंत्र नकोत.

कसोटीचा_दगड

हसले. सॉरी. 'कथाविलयन' वाचून नववीचं विज्ञानाचं पुस्तक आठवलं. नाव आधी बदला.

माझे वडील सोनार, आजोबा सोनार आणि मी बँकेत, म्हणजे परंपरा खंडित करण्याचा मान माझाच. तर तुम्ही जे लिहिताय त्याला आमच्याकडे साधं नाव आहे, आटणी. जुना डाग, म्हणजे दागिना, मोडायचा, आटवायचा, नवा घडवायचा. आणि ते मिक्सरसारखं अजिबात नसतं हो.

बाई जुना दागिना घेऊन आली की वडील आधी तो दगडावर घासून कस बघायचे. मग वजन. मग तिच्या डोळ्यांसमोर मोडायचा, म्हणजे खडे उचकटायचे आणि पोकळ दागिना असेल तर आतली लाख काढायची. हे बऱ्याच लोकांना माहीत नसतं, पोकळ दागिन्याला आकार राहावा म्हणून आत लाख भरलेली असते आणि अर्थातच ती सोन्याच्या भावात धरत नाहीत, निम्मी भांडणं इथेच होतात, "अहो आमच्या सासूबाईंनी तर पाच तोळे सांगितलं होतं" वगैरे. तुमच्या आत्यालाही हे करू दे ना, गोष्ट आली की आधी लाख काढायची. म्हाताऱ्याने आणलेल्या गोष्टीत खरं सोनं किती आणि तीन पिढ्यांनी भरलेली लाख किती.

मग तुकडे मुशीत, म्हणजे सोनं वितळवायच्या भांड्यात, वर चिमूटभर टाकणखार, म्हणजे मळ वर येतो आणि रस सुटा होतो. आता एक गोष्ट सांगते जी मी लहानपणी शंभरदा बघितलीय. मुशीत पाटलीचा तुकडा पडला की बराच वेळ काहीच होत नाही. लाल होतो, मग पिवळा, पण पाटली ती पाटलीच, वरची नक्षीसुद्धा दिसत असते. मला दर वेळी वाटायचं की आज काही हे वितळत नाही. आणि मग कडा गोल होतात, तुकडा खाली बसतो, उन्हातून आलेला माणूस पायरीवर बसतो ना तसा, आणि बघता बघता थेंब. थरथरणारा. शुद्ध सोनं १०६४ अंशांना वितळतं, दागिन्याचं त्यात तांबं-चांदी असल्यामुळे जरा आधी, पण आकडा सोडा, बायका त्या वेळी मान वळवायच्या. नव्या डिझाइनसाठी हौसेने आलेल्या बायका. आईची पाटली बसताना बघवत नाही.

त्या रसाची लगड, म्हणजे कांडी, ओतायची, लगड ठोकायची, तार ओढायची, हे सगळं पुढचं. आणि शेवटी वजन केलं की ते कमी भरतं. त्याला घट म्हणतात. कणकण मुशीला चिकटतो, कानशीने उडतो, राखेत जातो, झटकताना जमिनीवर पडतो. जितकं आलं तितकं परत कधीच जात नाही. तुमच्या जादूत घट नाहीये, म्हणून ती मिक्सर वाटतेय.

आणि घटीवरून आठवलं, आमच्या गल्लीत भल्या पहाटे झारेकरी यायचे. सोनारांच्या दुकानातली धूळ, शेगडीची राख, समोरच्या गटारातला गाळ, हे न्यायचे आणि धुऊन धुऊन त्यातून सोन्याचे कण काढायचे. पिढीजात धंदा. गाळाला चक्क पैसे मोजायचे ते. तुमच्या बोळाबाहेर पण एक गटार असणारच की.

सांजवात

बाप रे. झारेकरी हे मला माहीतच नव्हतं!! थांबा मी जरा हे पचवते.

मोजपात्र

मास्तरकी केल्याशिवाय राहवत नाही, माफी असावी. वरचं सगळं सुंदर आहे पण ते वितळणं आहे, आणि धागाकर्तीने विचारलंय विरघळणं. मुलं पेपरात हमखास घोळ करतात. मेण वितळतं, मीठ विरघळतं. वितळायला नुसती उष्णता लागते, आणि वितळलेलं सोनं सोनंच असतं, डोळ्यांसमोर असतं. विरघळायला दुसरं काहीतरी लागतं, द्रावक, आणि विरघळलेला पदार्थ त्या द्रावकात दिसेनासा होतो. गायब नाही, दिसेनासा. दोन्हीतून दोन वेगळ्या कादंबऱ्या निघतील.

आता सोनंच विरघळवायचं तर अम्लराज लागतं. तीन भाग हायड्रोक्लोरिक, एक भाग नायट्रिक. गंमत म्हणजे सुटं सुटं यातलं एकही आम्ल सोन्याचं काही वाकडं करू शकत नाही, एकत्र आली की मात्र सोन्यासारखं सोनं पाण्यासारखं होतं. (तुमच्या बोळातल्या दोन भांडकुदळ घरांना एकेक द्रव देऊन टाका, एकट्याला काहीच जमत नाही.)

याचा एक खरा किस्सा आहे. एप्रिल १९४० मध्ये जर्मन सैन्य कोपनहेगनमध्ये शिरलं तेव्हा नील्स बोरच्या संस्थेत माक्स फॉन लाउए आणि जेम्स फ्रांक या दोन जर्मन शास्त्रज्ञांची नोबेल पदकं सांभाळायला ठेवलेली होती. जर्मनीतून सोनं बाहेर पाठवणं तेव्हा मोठा गुन्हा होता आणि पदकांवर नावं कोरलेली, म्हणजे सापडली असती तर धडगत नव्हती. संस्थेत जॉर्ज दे हेवेशी हा रसायनशास्त्रज्ञ होता, त्याने दोन्ही पदकं अम्लराजात विरघळवली आणि तो द्रव फळीवर इतर बाटल्यांमध्ये ठेवून दिला. युद्ध संपल्यावर बघतात तर द्रव जागच्या जागी. त्यातून सोनं परत काढलं, स्वीडनला पाठवलं आणि नोबेलवाल्यांनी त्याच सोन्याची पदकं पुन्हा पाडून दिली.

मी दर वर्षी वर्गात हे सांगतो आणि दर वर्षी एखादा पोरगा विचारतो, सर, पण मग ती तीच पदकं का? खूप चांगला प्रश्न आहे. सोनं तेच, पण कोरलेलं नाव विरघळलं ते विरघळलं, ते द्रवात कुठेच नव्हतं. ती पुन्हा पदकं होऊ शकली कारण साचा दुसरीकडे शाबूत होता. तुमच्या यमीला हा प्रश्न पडू दे. विरघळलेली घंटेची गोष्ट आत्याच्या फळीवर बाटलीत आहे, पण साचा कुणाकडे?

अजून एक, मग थांबतो. विरघळलेलं परत घट्ट करायला काहीतरी आधार लागतो. खडीसाखर कशी करतात आठवा, दाट पाकात दोरा सोडतात आणि त्या दोऱ्याला धरून खडे जमतात. दोरा नाही सोडला तर तळाला कसाही गठ्ठा. आपण 'कथासूत्र' म्हणतो ते उगाच नाही बहुतेक. आत्या विरघळलेल्या गोष्टीत खरोखरच सूत सोडते असं करा, आणि सूत कुणाच्या कपड्यातलं यावर नवी गोष्ट कुणाच्या बाजूची होते ते ठरतं.

भाकरी_करपली

आमच्या खानदानात हे काम मोठी काकू करते. शेगडी नाही, आम्ल नाही, एका लग्नाला जाऊन आली की गोष्ट नवीकोरी.

माहेर_चिपळूण

काकू 😂 आमच्याकडे ही जबाबदारी आत्याची, त्यामुळे कथेतली आत्या मला एकदम पटली.

सांजवात, तुम्ही मंत्र नकोत म्हणालात पण तुमच्याकडे मंत्र ऑलरेडी आहे, तुम्ही लहानपणी ऐकलाही असेल. श्रावणातल्या कहाण्या. आमच्याकडे शुक्रवारी भिंतीवर जिवतीचा कागद लावलेला, आजी पाटावर, आम्ही सगळ्या मुली खाली, प्रत्येकीच्या मुठीत चार अक्षता. कहाणी संपेपर्यंत मूठ उघडायची नाही. उन्हाळा संपला तरी तळहाताला घाम यायचा आणि तांदूळ चिकटून बसायचे, कुंकवाने हात लाल. कहाणी संपली की अक्षता वाहायच्या. माझी धाकटी बहीण एकदा मधेच खाऊन मोकळी झाली होती तर आजीने तिच्यासाठी सगळी कहाणी पहिल्यापासून सांगितली, म्हणाली ऐकल्याचा पुरावा नाही तर ऐकलीच नाहीस.

आता शेवटी काय म्हणतात? साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण. विद्वान मंडळी याचा काय अर्थ लावतात तो लावोत, मी तर लहानपणापासून असंच धरून चाललेय की साठ बोलांची गोष्ट आटवून आटवून पाच बोलांवर आणली. बासुंदी करतो तशी. ही आटणीच की हो. आणि मधे काय येतं, उतू नकोस, मातू नकोस, घेतला वसा टाकू नकोस. उतू नकोस! चुलीवर काही ठेवलेल्या बाईलाच हे सुचणार. मी गेल्या वर्षी बंगळूरच्या फ्लॅटमध्ये लेकीला कहाणी सांगत होते आणि मागे गॅसवर दूध होतं आणि ते खरंच त्याच वाक्याला उतू गेलं, लेक इतकी हसली की तिला आता फक्त तेवढंच वाक्य पाठ आहे.

तर तुमच्या धंद्याचे हे नियम आयते आहेत बघा. गोष्ट मंद आचेवर आटवायची, घाई केली की उतू जाते, आणि उतू गेलेली गोष्ट म्हणजे गावभर सांडलेली, मग पुसत बसा. आटवताना कुणीतरी हुंकार देत बसायला हवं. आजी गोष्ट सांगताना आम्ही "हूं" म्हणायचं थांबवलं की तीही थांबायची, "झोपलात वाटतं" म्हणून. मोजपात्र सर द्रावक विचारतायत ना, माझ्या मते हुंकार हाच द्रावक. एकट्याने सांगितलेली गोष्ट घट्टच राहते, कुणी हूं हूं करत गेलं की ती पातळ व्हायला लागते, सांगणाराच मग इकडचं तिकडे करतो. यमीचं पहिल्या वर्षीचं काम एवढंच, रात्रभर जागं राहून हूं म्हणणं. आणि ती एका रात्री पेंगते.

पोथीचं_बासन

वाचतोय, मजा येतेय. मराठी घेऊन एम.ए. केलं त्याचा पहिल्यांदा उपयोग होतोय.

यात एक मोठं भोक आहे पण ते भोकच कामाचं आहे. नवी गोष्ट केली की जुनी कुणाला आठवत नाही असं तुम्ही लिहिलंय. असं होत नाही. देहूची परंपरा बघा, तुकोबांची गाथा इंद्रायणीत बुडवली, तेरा दिवसांनी कोरडी वर आली म्हणतात. चमत्कार माना नका मानू, पण अभंग तर लोकांच्या तोंडीच होते की, नदी काय काय बुडवणार? वही पाण्यात जाते, पाठांतर जात नाही.

उलट उदाहरण लीळाचरित्राचं. म्हाइंभटांनी महानुभाव पंथाच्या चक्रधरांच्या आठवणी गावोगाव फिरून, ज्याने पाहिलं ऐकलं त्याला विचारून तेराव्या शतकात गोळा केल्या. पुढे धामधुमीत मूळ ग्रंथ हरवला आणि मग ज्यांना पाठ होता त्यांच्या स्मरणातून तो पुन्हा उभा करावा लागला. त्यामुळे आज एक नाही, वेगवेगळे पाठ, म्हणजे आवृत्त्या, आहेत, हिराइसा नावाच्या बाईच्या स्मरणातला वेगळा, दुसऱ्याचा वेगळा. एकच प्रसंग, पण तपशील इकडेतिकडे. म्हणजे विरघळून पुन्हा घडलेली गोष्ट एक होऊन येत नाही, ज्याच्या ज्याच्या डोक्यातून आली तितकी होऊन येते.

आणि किंमत विचारताय तर आपल्या पैठणची दंतकथा घ्या. सातवाहन राजाच्या दरबारातला गुणाढ्य, त्याने पैशाची नावाच्या जुन्या प्राकृत भाषेत सात लाख श्लोकांची बृहत्कथा लिहिली, राजाने ती नाकारली. हा जंगलात गेला, आग पेटवली आणि एकेक पान वाचून जाळत बसला. जनावरं चरायची सोडून ऐकायला गोळा झाली, हाडं निघाली त्यांची, आणि राजाच्या ताटात वाळकं मटण यायला लागलं म्हणून चौकशी झाली तेव्हा पत्ता लागला. राजा धावत पोचेपर्यंत सहा लाख जळून गेले होते, एक लाख उरले. आज ते मूळ पुस्तकही नाही, नंतरच्यांनी संस्कृतात उतरवलेलं तेवढं हातात आहे. सातातले सहा. कसोटीचा_दगड यांना विचारतो, याला पण घटच म्हणायचं का?

तर सूचना अशी, आटणीआधी गोष्टीचे सगळे पाठ गोळा करायला लागावेत. गावातल्या प्रत्येकाकडचा. एक जरी राहिला तरी जुनी गोष्ट तेवढ्यातून परत उगवते. हरळीसारखी. यमीने झोळी घेऊन दारोदार फिरायचं, "घंटेची गोष्ट असेल तर द्या". कोण देईल, कोण नाही म्हणेल, कोण खोटीच देईल, इथे तुमचं कथानक आहे.

कसोटीचा_दगड

सातातले सहा गेले तर त्याला घट नाही म्हणत, गिऱ्हाईक पोलिसांत जाईल.

शाडूमय

मी पेणचा. आमच्याकडे गणपतीचा कारखाना होता, आता चुलतभाऊ बघतो. माझे दोन पैसे.

शाडूची मूर्ती बादलीत ठेवली की आधी बुडबुडे सुटतात, मग बोटं जातात, कान, मग सोंड, पोट सगळ्यात शेवटी. दुसऱ्या दिवशी तळाला गाळ, तो वाळवला, पुन्हा मळला की पुढची मूर्ती. कितीही वेळा करा. पण हीच माती भट्टीत भाजली असती तर? कुंभाराचं मडकं शंभर वर्षं पाण्यात ठेवा, खापरी होईल, माती होणार नाही. तुमच्याकडे गोष्टींचेही असे दोन प्रकार हवेत, कच्च्या आणि भाजलेल्या. घरात आईने सांगितलेली कच्ची, ती विरघळते. कोर्टात लिहिली गेलेली, शिलालेखावर कोरलेली, जिच्यापायी कुणी मेलंय अशी, ती भाजलेली. ती फक्त फुटते.

आणि तिसरा प्रकार पीओपीचा, म्हणजे प्लास्टर ऑफ पॅरिसचा. दिसायला सेम, हलकी, स्वस्त, चकचकीत, पण पाण्यात ढिम्म. पुण्याला एनसीएलवाल्यांनी (राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा) यावर उपाय काढला, अमोनियम बायकार्बोनेट घातलेल्या पाण्यात मूर्ती ठेवायची, महापालिकेने ती पावडर वाटलीसुद्धा. त्यातून खाली खडूसारखा कॅल्शियम कार्बोनेट बसतो आणि वरच्या पाण्यात अमोनियम सल्फेट, म्हणजे झाडांना खत. पण त्या खडूची काय परत तीच मूर्ती होत नाही. काही गोष्टी अशाच असतात, सगळ्या गावाने एकमताने, एकाच साच्यातून काढलेल्या. विरघळल्या तरी मागे खडू उरतो.

तुमची घंटाचोरीची गोष्ट यातली कुठली, आधी ते ठरवा.

नियम_मोडके

सगळ्यांचा उत्साह मान्य पण सांजवात, जपून हां. आता तुमच्याकडे मूस झाली, आम्ल झालं, बासुंदी झाली, शाडू झाला, उद्या कोणीतरी गुऱ्हाळ घेऊन येईल. हे सगळं घातलंत तर कादंबरी राहणार नाही, खेळाचं नियमपुस्तक होईल. मी असलं एक केलंय, चाळीस पानं नियम आणि गोष्ट शून्य, अजून पडलंय ड्राइव्हवर.

एक धंदा निवडा आणि त्यालाच चिकटून राहा.

आणि माझा खरा प्रश्न वेगळाच आहे. म्हाताऱ्याला कोणी विचारलं की ही गोष्ट तुमच्या एकट्याची आहे का म्हणून? आजोबा त्याचा, पण घंटा देवळाची. गुरव असेल, त्याच्यावर आळ आला असेल, त्याच्या घरात हीच गोष्ट दुसऱ्या टोकाने सांगत असतील. तुम्ही ती आटवली म्हणजे त्याचाही हिस्सा आटवला, त्याला न विचारता.

कसोटीचा_दगड

हे बरोबर बोललात, आणि हे माझ्या आधीच्या पोस्टमध्ये यायला हवं होतं, खरं म्हणजे मी ते टाळलं.

आटणीचा एक गुण असा की आटलेल्या सोन्याला ओळख राहत नाही. घाट गेला, नक्षी गेली, आतल्या बाजूचा सोनाराचा शिक्का गेला. लगड लगडीसारखीच दिसते. म्हणून तर चोरीचा माल आधी आटवायला येतो. माझ्या वडिलांचा नियम होता, अनोळखी माणूस घाईत असेल आणि घडणावळीवर घासाघीस करत नसेल तर काम घ्यायचं नाही. घासाघीस न करणारं गिऱ्हाईक म्हणजे ज्याला नवा दागिना नकोय, फक्त जुना नाहीसा व्हायला हवाय.

एकदा त्यांनी घेतलं. मी तेव्हा आठवी-नववीत असेन. माणूस ओळखीतला होता, बांगड्या होत्या, घरातल्याच म्हणाला. दोन महिन्यांनी त्याची वहिनी दुकानात आली आणि काहीच बोलली नाही, भांडली नाही, नुसती शेगडीकडे बघत उभी राहिली आणि मग विचारलं, राख आहे का? राख झारेकऱ्याने नेली होती. वडिलांनी नंतर त्या झारेकऱ्याला शोधून काढलं, तो म्हणाला मालक, सगळ्या दुकानांची राख एकातच धुतो, यातला कण कुणाचा हे मला कसं कळणार.

म्हाताऱ्याला घासाघीस करू देऊ नका.

सांजवात

काल रात्री तीन वाजेपर्यंत लिहीत बसले होते, आज ऑफिसात डोळे मिटतायत पण सांगायलाच हवं.

नियम_मोडके, तुमचं ऐकलं. एकच धंदा ठेवला, सोनारकाम. शाडू आणि अम्लराज काढलं (सर रागावू नका, बाटली एक ठेवलीय फळीवर, ती कुणाची ते आत्या सांगत नाही). लाख राहिली, घट राहिली. हुंकार राहिला, यमी हूं म्हणत बसते आणि पेंगतेच. सगळे पाठ गोळा करायला झोळी घेऊन फिरणंही राहिलं. म्हातारा घासाघीस करत नाही आणि हे आत्याच्या लक्षात येतं पण बोळातल्या बाकीच्या घरांचं देणं असतं म्हणून ती काम घेते. नाव आटणी.

आणि गुरवाच्या घरातून एक म्हातारी आलीय कथेत, कुठून आली कळलं नाही, ती बोळाबाहेरच्या गटारातला गाळ धुते. एक तुकडा टाकते, कच्चा आहे:

*पहाटे दार उघडलं तर ती गटाराशी उकिडवी बसली होती. मांडीवर लाकडी परात, परातीत काळं पाणी. मनगट हलवून पाणी गोल फिरवायची, कडेवरून थोडं सांडायची, पुन्हा फिरवायची. यमीने राखेचं घमेलं खाली ठेवलं.*

*"कालची का गं?" म्हातारीने वर न बघता विचारलं.*

*"हो आजी. घंटेची."*

*"लई वेळ घेतला हिने. रातभर तुझं हूं हूं ऐकू येत होतं. मधेच बंद पडलं."*

*यमी गप्प बसली. म्हातारीने मूठभर राख परातीत सोडली. पाणी फिरलं, राख वर आली, सांडून गेली. तळाला काहीतरी चमकलं, मोहरीएवढं. म्हातारीने ते बोटाच्या टोकाला उचललं आणि कानाशी नेलं.*

*"काय आहे आजी?"*

*"टोल," म्हातारी म्हणाली. "एकच हाय. पण आमचाच हाय."*

सांगा कसं वाटतंय, आणि सोनारकामात काही चुकलं असेल तर तेही.

माहेर_चिपळूण

अंगावर काटा आला. पुढचं कधी?

मोजपात्र

रागावलो नाही. बाटलीला बूच घट्ट लावू नका मात्र, अम्लराजातून वायू सुटत राहतो, बूच उडतं.

कसोटीचा_दगड

चांगलं झालंय, परातीचं हलवणं अगदी तसंच. दोन बारीक गोष्टी. राख गरम असताना घमेल्यात भरत नाहीत, रात्रभर निवू देतात, म्हणजे यमी ती पहाटेच आणतेय हे बरोबरच आहे, फक्त आधी एक वाक्य टाका. आणि मूस रिकामी झाली की लगेच पाण्यात बुडवायची नाही, तडकते. पहिल्याच दिवशी यमीच्या हातून हे होऊ दे, मी पण केलं होतं, आणि आत्या ओरडणार नाही, ती तडकलेली मूस उचलून नुसती फळीच्या कोपऱ्यात ठेवेल. आमच्याकडे अशा चार होत्या.